तिसऱ्या घंटेआधी हात थरथरतात तेव्हा

तुझा प्रश्न आधी थोडक्यात मांडते. कोल्हापुरात बँकेत नोकरी, संध्याकाळी तालीम, आणि राज्य नाट्य स्पर्धेच्या नाटकात पहिल्यांदाच मोठी भूमिका. शेताच्या वाटणीसाठी म्हाताऱ्या बापाला घराबाहेर काढणारी मुलगी तू करते आहेस. पहिल्या वाचनात त्या प्रवेशाला डोळ्यांत पाणी यायचं, महिनाभर तालमी झाल्यावर आता आतून काहीच येत नाही. वर एंट्रीच्या आधी हात थरथरतात, तोंड कोरडं पडतं. घरचे आणि बँकेतले सगळे बघायला येणार आहेत, तेही अशी बाई करताना, याची धास्ती आहे. स्फूर्ती आणि धैर्य कुठून आणायचं, असं तू विचारलंस. शिवाय, नोकरी सोडल्याशिवाय खरी नटी होता येतं का, हेही.

इतकी वर्षं नाटक करून आणि शिकवून माझं एक मत पक्कं झालं आहे. स्फूर्ती आणि धैर्य या दोन्ही गोष्टी नटाला समोरच्या माणसाकडून मिळतात. समोरचा म्हणजे प्रेक्षक नाही, प्रवेशात तुझ्यासमोर उभा असलेला माणूस. तुझ्या बाबतीत वडिलांची भूमिका करणारे तुमचे काका. तू दोन्ही गोष्टी स्वतःच्या आत शोधते आहेस, म्हणून त्या सापडत नाहीत.

आधी थरथरीबद्दल. तो तुझा दुबळेपणा नाही. समोर मोठं काम आलं की शरीर तयारीला लागतं. ठोके वाढतात, रक्त मोठ्या स्नायूंकडे वळतं म्हणून बोटं गार पडतात, लाळ कमी होते, श्वास पोटातून छातीत चढतो. भरतमुनींनी नाट्यशास्त्रात आठ सात्त्विक भाव, म्हणजे मनातलं शरीरावर उमटतं त्या खुणा, सांगितले आहेत: स्तंभ (जागीच थिजणं), स्वेद, रोमांच, स्वरभंग, वेपथू, वैवर्ण्य, अश्रू आणि प्रलय (शुद्ध हरपणं). जरा बघ, घाम, थरथर, आवाज फुटणं, चेहरा उतरणं, यातलं बरंचसं तुला विंगेत फुकट मिळतं आहे! आणि हे सत्त्व येतं कुठून, तर एकाग्र झालेल्या मनातून, असंही तिथेच सांगितलं आहे. म्हणजे शरीर तयार आहे, मनाला अजून जागा मिळालेली नाही. ते 'मी कशी दिसतेय, मला जमेल का, आत्या काय म्हणेल' यात फिरत राहिलं की ती थरथर तुझी असते. तेच मन काकांच्या चेहऱ्यावर जाऊन बसलं की ती थरथर त्या मुलीची होते. थरथर घालवायच्या मागे लागू नकोस, मनाला काम दे.

काम म्हणजे नेमकं काय? प्रयोगाच्या दिवशी प्रेक्षक आत सोडण्याआधी रंगमंचावर एकटी जा. सेटवरच्या खाटेवर बस, कळशी उचल, दाराची कडी लावून काढून बघ. शेवटच्या रांगेतल्या एका खुर्चीकडे बघून दोन वाक्यं साध्या बोलण्याच्या आवाजात म्हण. तुमचं केशवराव भोसले नाट्यगृह 2024 च्या ऑगस्टमध्ये जळालं तेव्हा महाराष्ट्रभरच्या नटांना घरातलं कुणी गेल्यासारखं वाटलं. शाहू महाराजांनी 1915 साली उभं केलेलं ते पॅलेस थिएटर होतं. वास्तूशी नटाचं असं नातं असतं, आणि ते आधी पायांनी जुळतं, म्हणून अनोळखी नाट्यगृहात तर हे जास्तच कर. मग विंगेत उभी राहिलीस की श्वास घेण्याकडे लक्ष देऊ नकोस, सोडण्याकडे दे. सावकाश, पूर्ण सोड. पुढचा श्वास आपोआप खाली, पोटात उतरतो.

घाबरलेल्या नटाचं बोलणं भरभर होतं आणि श्वास पुरत नाही म्हणून वाक्याचा शेवट गिळला जातो. मराठीत हे फार महागात पडतं, कारण आपलं क्रियापद शेवटी येतं आणि 'नाही' तर त्याच्याही नंतर. 'मी तुम्हाला या घरात राहू देणार नाही' यातला 'नाही' गिळलास तर बाराव्या रांगेच्या मागे अर्थच उलटा पोचतो. तुझ्या संहितेतल्या प्रत्येक वाक्याच्या शेवटच्या दोन शब्दांखाली पेन्सिलनं रेघ मार आणि तिथपर्यंत श्वास पुरव. काय बोलतोय ते शेवटपर्यंत पोचतंय हे नटाला कळलं की त्याला फार मोठा आधार मिळतो.

पाठांतराबद्दलही सांगून टाकते. भाव आणून पाठ करू नकोस. केर काढताना, बसस्टॉपवर उभं असताना, कोरडं, भरभर म्हण. भावासकट पाठ केलेलं वाक्य त्याच एका चालीत अडकतं, मग काकांनी त्या दिवशी काहीही वेगळं केलं तरी तुझं उत्तर ठरलेलंच येतं. तालमीत तुझं 'आतून काही येत नाही' झालंय, त्याचं निम्मं कारण मला इथे दिसतं.

आता तळकोकणातले दशावतारी, म्हणजे दशावतार हे लोकनाट्य करणारे नट, बघ. जत्रेच्या रात्री देवळासमोर पेटी, मृदंग आणि झांज लागते, एक साधं बाकडं असतं, तेच सिंहासन आणि तेच सगळं काही. लिहिलेली संहिता नसते. कुठलं आख्यान लावायचं आणि कोण काय करणार हे ठरतं, प्रत्येक जण आपला रंग आपण लावतो, आणि मग रात्रभर राजा, राक्षस, राणी, देव एकमेकांशी जे बोलतात ते बहुतांश त्याच क्षणी सुचलेलं असतं. स्त्रीभूमिकाही पुरुषच करतात. तुझ्या-माझ्यासारख्या छापील संहितेवर वाढलेल्या नटाला ऐकूनच धडकी भरते. पण तो दशावतारी घाबरत नाही याला दोन कारणं आहेत. एक, पुराणातली ती कथा त्याच्या रक्तात मुरलेली असते. या राजाला काय हवं आहे, तो कुणाचा मुलगा, त्याला शाप कुणाचा, हे त्याला झोपेत विचारलं तरी सांगता येतं. दुसरं, तो ऐकतो. समोरच्यानं टाकलेला शब्द पकडल्याशिवाय त्याला पुढचं वाक्य मिळणारच नसतं, म्हणून त्याचे कान सतत उघडे असतात. स्वतःची काळजी करायला त्याला फुरसतच नाही. संधी मिळेल तेव्हा सिंधुदुर्गात जाऊन एक रात्र हे बघ. शहरातल्या किती तरी शिबिरांतून मिळणार नाही ते मिळेल.

तुझ्याकडे संहिता आहे, म्हणजे पुढचं वाक्य तुला आधीच माहीत आहे. इथेच घात होतो. तू काकांचं बोलणं संपण्याची वाट बघत असतेस, ऐकत नसतेस. स्फूर्ती आटते ती इथे. पहिल्या वाचनात तुला रडू आलं, कारण तेव्हा ते वाक्य तू खरोखर पहिल्यांदा ऐकलंस. ते रडू परत आणायचा प्रयत्न केलास तर हाती फक्त रडू लागेल, आणि खरं सांगायचं तर त्या प्रवेशात तुझ्या रडण्याची गरजही नाही. बापाला बाहेर काढणारी बाई रडायला बसलेली नसते. तिला काही तरी हवं असतं.

म्हणून या आठवड्यात हे कर. संहिता घे आणि तुझी वाक्यं सोडून फक्त इतरांची वाक्यं वाच. तुझ्या पात्राबद्दल कोण काय म्हणतं ते वहीत उतर. बाप काय म्हणतो, भाऊ काय म्हणतो, शेजारीण काय म्हणते, आणि त्यातलं खोटं कुठलं असावं. मग त्या प्रवेशापुरता एकच प्रश्न विचार: तिला बापाकडून आत्ता, या क्षणी काय हवंय? 'जमीन' हे उत्तर नाही, ती तर कागदावर मिळते. त्यानं मान खाली घालावी असं हवंय का? 'माझं चुकलं' म्हणावं असं? भावाला दिलं ते मलाही द्यायला हवं होतं, हे त्याच्या तोंडून ऐकायचंय? यातलं एक निवड आणि तालमीत ते काकांच्या चेहऱ्यावर शोध. मिळालं का? नाही? मग आणखी जोर लाव, नाही तर अचानक मऊ हो. मिळत नाही म्हणून येणारा संताप आणि वैताग खराच असेल, तुला तो आणावा लागणार नाही. दुसऱ्या दिवशी वेगळं उत्तर निवडून बघ. शिळा वाटणारा प्रवेश दोन-तीन तालमींत हलायला लागतो, हे मी अनेक नटांच्या बाबतीत बघितलं आहे.

विजय तेंडुलकरांचं 'शांतता! कोर्ट चालू आहे' घे. रंगायन या नाट्यसंस्थेनं 1967 साली ते रंगमंचावर आणलं. अरविंद देशपांडे दिग्दर्शक, नायिका बेणारेच्या भूमिकेत सुलभा देशपांडे. शेवटचं स्वगत सगळ्यांना माहीत असतं, ऑडिशनला मुली तेच म्हणून दाखवतात. पण नाटकाची रचना नीट बघ. खेळ म्हणून सुरू झालेला तो खटला बेणारेवर उलटतो, आणि त्यानंतर बराच काळ ती गप्प आहे. तिच्याबद्दल बाकीचे बोलतात, साक्षी देतात, उलटतपासण्या होतात. त्या अवधीत बेणारे करणाऱ्या नटीनं काय करायचं? ऐकायचं, दुसरं काही नाही. प्रत्येक साक्षीदाराचं प्रत्येक वाक्य अंगावर घ्यायचं. हे जिनं केलं तिला स्वगताच्या वेळी स्फूर्तीची वाट बघावी लागत नाही, तोपर्यंत बोलण्यावाचून गत्यंतरच उरलेलं नसतं. आरशासमोर नुसतं स्वगत घोटणाऱ्या मुलींचं ते पोकळ का वाटतं, तेही यातूनच कळतं. त्यांनी खटला ऐकलेलाच नसतो.

आता धैर्य. प्रेक्षकांसमोर उभं राहणं हे धैर्याचं पहिलं आणि सोपं रूप आहे, ते सवयीनं येतं. अवघड आहे ते दुसरं. तुझ्या पात्राचं जे वाईट आहे ते न झाकता दाखवणं. लोक ओळखीचे असले की नटाकडून नकळत एक गोष्ट होते. क्रूर वाक्य बोलताना डोळ्यांत थोडी माफी येते, आवाज जरा नरम होतो. 'मी खरी अशी नाही हं' असं नट प्रेक्षकांना हळूच सांगत असतो. प्रेक्षकांना ते शब्दांत सांगता येणार नाही, पण कळतं, आणि त्या क्षणी नाटक खोटं होतं.

1972 साली 'सखाराम बाइंडर' आलं तेव्हा चंपाची भूमिका लालन सारंग यांनी केली. निळू फुले सखाराम, दिग्दर्शन कमलाकर सारंग. नवऱ्याला सोडून आलेली, दारू पिणारी, तोंडानं फटकळ बाई तोवर मराठी रंगमंचावर अशी उघडपणे उभी राहिली नव्हती. सेन्सॉरनं कापाकापी सांगितली, निदर्शनं झाली, प्रकरण उच्च न्यायालयात गेलं आणि निकाल नाटकाच्या बाजूनं लागला. कोर्टाची लढाई मोठी होतीच. पण नटी म्हणून मला त्याहून मोठं वाटतं ते हे, की चंपानं प्रेक्षकांकडे सहानुभूती मागायची नाही, हे लालनताईंना रोज रात्री नव्यानं पाळावं लागत असणार. सभागृहातले सगळे डोळे निवाडा करायला बसलेले असताना चंपा आहे तशीच ठेवायची. याला मी नटाचं धैर्य म्हणते.

हे धैर्यही समोरच्याकडूनच येतं. तुझ्या पात्राचा न्याय करायचं काम तुझं नाही. ती मुलगी स्वतःला वाईट समजत नाही, तिच्या हिशेबानं तिच्यावर अन्याय झालाय आणि त्याचा कर्ता समोर उभा आहे. तू काकांकडे बघत राहिलीस तर आत्याकडे बघायला वेळ मिळणार नाही. प्रयोगाला येणाऱ्या घरच्यांना आधी घरी बसून नाटकाची गोष्ट सांगून टाक, तेवढ्यानंही पुष्कळ ओझं उतरतं. ज्योत्स्ना भोळे 1933 साली 'आंधळ्यांची शाळा'मध्ये उभ्या राहिल्या तेव्हा कुलीन घरातल्या बाईनं पुरुषांबरोबर रंगमंचावर काम करणं हीच केवढी मोठी गोष्ट होती! तुझ्या आत्यानं त्या पिढीचं थोडंफार ऐकलेलं असेल. तिला तू समजतेस त्यापेक्षा जास्त कळेल.

मात्र धैर्याच्या नावाखाली नटाकडून, विशेषतः मुलींकडून, जे काही मागितलं जातं त्याबद्दल मला स्पष्ट बोलायचं आहे. 'तू मोकळी होत नाहीस' असं म्हणून तालमीत सगळ्यांदेखत अपमान करणारा दिग्दर्शक मी पाहिला आहे, त्याच्या हाताखाली कामही केलं आहे. त्यानं कुणाचाही अभिनय सुधारला नाही. घाबरलेला नट स्वतःकडेच बघत राहतो, आणि स्वतःकडे बघणारा नट खराब काम करतो, इतकं ते सरळ आहे. तुझ्या नाटकात ओढाओढीचा प्रवेश आहे असं तू लिहिलंस. काकांचा हात कुठे धरायचा, कुठल्या शब्दावर, किती पावलं, कोण कधी सोडणार, हे सगळं आधी सावकाश बसवून घ्या आणि प्रत्येक प्रयोगाआधी एकदा करून बघा. ते ठरलेलं असलं की त्या आत तुम्ही दोघं वाटेल तितके पेटू शकता. जिथे 'नाही' म्हणता येत नाही त्या तालमीत 'हो'लाही किंमत नसते. अशा ठिकाणी राहू नकोस, भूमिका कितीही मोठी असो.

बालगंधर्वांची गोष्ट तू नक्की ऐकली असशील. 12 मार्च 1911, 'मानापमान'चा पहिला प्रयोग, त्याच दिवशी त्यांचं मूल गेलं, आणि तरीही ते नायिका भामिनी म्हणून उभे राहिले. ही गोष्ट ऐकताना माझाही ऊर भरून येतो. पण ती नव्या मुलांना धाक म्हणून सांगितली जाते ते मला पटत नाही. कंपनीची चूल एका नटावर पेटायची असा तो काळ होता, आणि निर्णय त्यांचा स्वतःचा होता. दुसऱ्याच्या दुःखाचा नियम करून तुझ्यावर लादायचा हक्क कुणालाही नाही. घरात तसं काही घडलं तर संस्थेला सांगायचं आणि घरी जायचं.

पुढे प्रयोग वाढले तर पुन्हा हाच प्रश्न येईल: रोज तेच, मग नवं कुठून आणायचं? प्रशांत दामले यांनी 2022 मध्ये साडेबारा हजार प्रयोगांचा टप्पा ओलांडला. झाडीपट्टीतले नट दिवाळीपासून होळीपर्यंत गडचिरोली, चंद्रपूर, भंडारा, गोंदियाच्या गावागावांत रात्र रात्र नाटकं करतात. यांची स्फूर्ती रोज आकाशातून पडत नाही. समोरचा नट आज वेगळा थकलेला असतो, आजचा हशा वेगळ्या ठिकाणी येतो, त्याकडे कान असला की वाक्य तेच राहून प्रवेश नवा होतो. यावर आत्ताच जास्त विचार करू नकोस, तुझे अजून पहिले प्रयोग व्हायचे आहेत.

राहिली नोकरी. डॉ. श्रीराम लागूंचं उदाहरण सगळे देतात. कान-नाक-घशाचे शल्यचिकित्सक, आफ्रिकेत चाललेली प्रॅक्टिस, आणि 1969 साली ते सोडून पूर्णवेळ नट. पुढच्याच वर्षी, डिसेंबर 1970 मध्ये, 'नटसम्राट'. सांगणारे एक गोष्ट सोडून देतात: पन्नासच्या दशकापासून ते पुण्यात पीडीए (प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशन) या नाट्यसंस्थेत भालबा केळकरांबरोबर नाटक करत होते. वयाच्या बेचाळिशीच्या आसपास त्यांनी उडी मारली तेव्हा पाण्याची खोली त्यांना नीट माहीत होती. आणि मोहन आगाशे बघ. 1972 साली 'घाशीराम कोतवाल'मधला नाना फडणवीस त्यांनी उभा केला, तो देशोदेशी गेला, आणि ते मानसोपचारतज्ज्ञ म्हणून काम करत, शिकवत राहिले. नोकरी असलेला नट कमी खरा असतो, असं त्या नानाकडे बघून कुणाच्या मनातही आलं नसेल.

पगार हातात असला की वाईट भूमिकेला नाही म्हणता येतं, अपमान करणाऱ्याच्या तालमीतून उठून जाता येतं. सुरुवातीच्या वर्षांत नटीला हे बळ फार उपयोगी पडतं. त्यामुळे आत्ता सोडू नकोस. सलग काम मिळायला लागलं, सहा महिन्यांचा खर्च बाजूला पडला आणि बँकेमुळे चांगल्या भूमिका हातातून जायला लागल्या, तर पुन्हा लिही, तेव्हा माझं उत्तर वेगळं असू शकेल. रजेचा अर्ज मात्र आजच टाक, रंगीत तालमीचा एक दिवस आणि प्रयोगाचा एक. दुपारपर्यंत काउंटरवर बसून संध्याकाळी धावत मेकअपला जाणं मला मान्य नाही. प्रयोगाच्या दिवशी चारच्या आत नाट्यगृहात पोच, आणि काकांनाही लवकर बोलावून घे.